साक्ष दिली की गाव सुटतो, हे कोणी ठरवले?

गेल्या आठवड्यात देवगडच्या मावशीने व्हॉट्सअ‍ॅपवर फिरणारा एक संदेश मला पाठवला आणि खाली एवढेच लिहिले, "तू तरी ह्यांका समजाव, साक्ष नको." खाडीतल्या वाळूउपशावरून झालेल्या खुनी हल्ल्याच्या खटल्यात काका साक्षीदार आहेत. संदेशात म्हटले आहे की, 'इन प्लेन साइट' ही अमेरिकन मालिका सत्यकथा आहे. तिकडचे सरकार साक्षीदाराला घर आणि जन्मभर पगार देते. आपल्याकडे कायदाच नाही. साक्ष दिली की नाव-गाव सोडावे लागते, आणि साक्षीदार सांभाळणारी नायिकासुद्धा त्यापायी उद्ध्वस्त झाली. तेव्हा शहाण्याने 'मी काही पाहिले नाही' असे सांगून मोकळे व्हावे.

मालिका सत्यकथा नाही. २००८ ते २०१२ या काळात ती प्रसारित झाली आणि अल्बुकर्की शहरात साक्षीदारांना लपवून ठेवणारी मार्शल, म्हणजे केंद्र सरकारची पोलीस अधिकारी, मेरी शॅनन हे तिच्यातले काल्पनिक पात्र आहे. मेरीचे आयुष्य विस्कटलेले आहे हे खरे. पण बँका लुटणारा बाप ती लहान असतानाच घर सोडून गेलेला, आई दारूच्या आहारी गेलेली आणि धाकटी बहीण नवनवी संकटे दारात आणणारी, हे सगळे कोणाच्या साक्षीमुळे घडलेले नाही. जन्मभराचा पगारही थाप आहे. अमेरिकेत साक्षीदार स्वतःच्या पायावर उभा राहीपर्यंतच निर्वाहखर्च मिळतो, आणि संरक्षण घेणाऱ्यांतले बहुसंख्य स्वतःच गुन्हेगारी टोळ्यांतून फुटून आलेले असतात. काकांनी आयुष्यात होडी आणि आंब्याची कलमे यांपलीकडे काही केलेले नाही.

आपल्याकडे कायदाच नाही, या विधानाचा मात्र मला खरोखर संताप आला. आसाराम प्रकरणातील साक्षीदारांवर हल्ले झाले, काहींचे जीव गेले, आणि त्याच प्रकरणातील एक साक्षीदार महेंद्र चावला सर्वोच्च न्यायालयात गेले. ५ डिसेंबर २०१८ च्या निकालाने साक्षीदार संरक्षण योजना, २०१८ देशभर कायद्याप्रमाणे लागू झाली. सात वर्षे किंवा त्याहून अधिक शिक्षेच्या गुन्ह्यांतील साक्षीदार तिच्यात येतात, म्हणजे खुनाच्या प्रयत्नाचा खटलाही आलाच. अर्ज जिल्हा न्यायाधीशांच्या अध्यक्षतेखालील समितीकडे करायचा, पोलीस उपअधीक्षकांनी धोक्याचा अहवाल द्यायचा आणि तो मिळाल्यापासून पाच कामकाजाच्या दिवसांत निर्णय व्हायचा, अशी तिची रीत आहे. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ३९८ नुसार प्रत्येक राज्याने अशी योजना अधिसूचित करणे आता बंधनकारक आहे.

गाव सोडावा लागतो ही भीती सर्वांत विषारी आहे, कारण ती आपल्या माणसाला नेमकी कुठे दुखवते ते लिहिणाऱ्याला ठाऊक आहे. गणपतीला आणि शिमग्याला घर उघडायचे नाही, आडनावामागचा गाव पुसून टाकायचा, 'तुम्ही खंयचे?' या प्रश्नाला खोटे उत्तर द्यायचे, हे कोकणी माणसाला तुरुंगाहून जड जाईल. परंतु योजनेत ओळख बदलणे हा अनेक उपायांतला एक आहे, आणि साक्षीदाराने स्वतः मागणी केली तरच त्याचा विचार होतो. बाकीचे उपाय साधे आहेत: घराभोवती पोलिसांची गस्त, फोन क्रमांक बदलणे, दारावर कॅमेरा, तारखेला न्यायालयात नेण्या-आणण्यासाठी सरकारी वाहन, आरोपीशी समोरासमोर गाठ पडणार नाही अशी व्यवस्था.

एक गोष्ट मान्य करणे भाग आहे. या योजनेची माहिती गावात कोणी आपणहून देत नाही आणि संरक्षण एका वेळी तीन महिन्यांपुरतेच मिळते. खटले त्याहून कितीतरी लांबतात, त्यामुळे मावशीची भीती खुळी नाही. पण शपथेवर 'पाहिले नाही' म्हणण्याचा सल्ला देणाऱ्याने भारतीय न्याय संहितेचे कलम २२९ वाचलेले दिसत नाही. न्यायालयात जाणूनबुजून खोटी साक्ष देणाऱ्याला सात वर्षांपर्यंत कैद होऊ शकते, आणि ती संदेश पाठवणाऱ्याला नव्हे, काकांना भोगावी लागेल. उलट खोटी साक्ष दे म्हणून धमकावणाऱ्यासाठी कलम २३२ आहे, तिथेही शिक्षा सात वर्षांपर्यंतचीच.

अर्जाचा मसुदा मी मावशीला पाठवला आहे. सोमवारी काका तो घेऊन ओरोसला, म्हणजे जिल्ह्याच्या ठिकाणी, जाणार आहेत. गस्त आणि तारखेचे वाहन, एवढ्या दोनच गोष्टी त्यात मागितल्या आहेत.