साइनचा खिसा

दाद्याच्या नववीतल्या पोरीनं विचारलं, "बाबा, साइन म्हणजे कसली सही?" दाद्यानं तो प्रश्न जसाच्या तसा कट्ट्यावर आणून टाकला.

मास्तर खूश. निवृत्तीनंतर त्रिकोणमिती विचारतंय कोण! कटिंग बाजूला ठेवून म्हणाले, "मूळ शब्द आपला. ज्या, जीवा. धनुष्याची दोरी. वर्तुळाची जीवा शिकलास ना, तीच. आठव्या शतकात आपलं खगोलशास्त्र बगदादला गेलं, तिथे जीवाचं जीब झालं."

"आणि अरबीत जेर-जबर, म्हणजे स्वरांच्या खुणा, कोण घालतो?" शकील मध्येच बोलला. नऊ वर्षं दुबईत एसी दुरुस्त केलेत त्यानं. बिलाच्या पाठीवर त्यानं जीम, ये, बे काढलं. "जीब वाचा, जैब वाचा, अक्षरं तीच. आणि जैब म्हणजे खिसा की!"

"बरोबर. खिसा, कपड्याची घडी. अरबीत जैबच रुळलं. बाराव्या शतकात लॅटिनवाल्यांनी त्याचं केलं सायनस, म्हणजे घडी. त्याचंच साइन."

"म्हणजे आपलं अरबांनी ढापलं, अरबांचं गोऱ्यांनी," दाद्या.

"ढापलं कसं? संवाद होता तो. सावली मोजून साइनच्या भावंडाची, टॅन्जंटची, कोष्टकं अरबांनी केली. बगदादच्या गणिती अल्-ख्वारिझ्मीच्या नावावरून अल्गोरिदम आला."

दाद्या ऐकतोय होय! मोबाईल चाळून त्यानं 1085 काढलं. अरबी पुस्तकांची लॅटिन भाषांतरं जिथे झाली, ते स्पेनमधलं तोलेदो शहर ख्रिस्ती राजानं मुसलमानांकडून जिंकलं ते साल. "आधी गाव घेतलं, मग पुस्तकं. याला संवाद म्हणायचं?"

इथे मात्र मास्तर चिडले. "गाव घेतल्यानं अरबी येते का रे? इटलीतल्या क्रेमोनाचा गेरार्ड, टॉलेमीचं अल्माजेस्ट, म्हणजे ग्रहताऱ्यांवरचा जुना ग्रीक ग्रंथ, लॅटिनमध्ये मिळेना म्हणून तोलेदोला आला. 1175 मध्ये भाषांतर पुरं केलं. सोबत दुभाष्या बसायचा, गालिब नावाचा."

"मिर्झा?" शकील.

"ख्रिस्ती होता. पण बोली अरबी. तसे बरेच होते तिथे."

मला विचाराल तर दाद्याचा मुद्दा अगदीच टाकाऊ नव्हता. भाषांतराची गरज जिंकणाऱ्याला होती, हरलेल्याला कुणी विचारलं नसणार. पण अरबी येणाऱ्याशेजारी बसल्याशिवाय गेरार्डचं पान हलत नव्हतं, हेही खरंच. मी हे बोललो, तर दोघेही माझ्यावर घसरले.

दाद्यानं पोरीला मेसेज टाकला: साइन म्हणजे खिसा.

लगेच उत्तर: बाबा, उद्या पेपर आहे.