रखडलेलं अपील आणि हायकोर्टाचा "नुसता कागद"

भाऊ, ग्रॅच्युइटीचं अपील रखडलं तर हायकोर्टाच्या नागपूर खंडपीठात रिट (म्हणजे अधिकाऱ्याला आदेश द्या अशी याचिका) टाका असं मी लिहिलं होतं, त्यावर तुमचं म्हणणं की तिथं "इतक्या महिन्यांत निकाल द्या" एवढा कागदच मिळतो, फी मात्र कामगाराच्या खिशातून जाते. पहिलं अर्धं खरंच आहे. राज्यघटनेच्या कलम २२६ खाली हायकोर्ट सहसा तुमची केस स्वतः ऐकत बसत नाही, खालच्या अधिकाऱ्याला मुदत घालून देतं. पण भाऊ, त्या मुदतीलाच तर किंमत आहे! मुदत उलटली की कोर्टाचा आदेश पाळला नाही म्हणून अवमान याचिका टाकता येते, आणि तीसुद्धा एका वर्षाच्या आत, हे लोक विसरतात अन् कागद कपाटात ठेवून देतात.

दुसरं, रिट आधी टाकायचीच नाही. आधी अपिलाच्या रोजनाम्याची (प्रत्येक तारखेला काय झालं त्या नोंदीची) नक्कल काढा. त्यात "मालकाचे वकील गैरहजर, पुढील तारीख", "वेळ मागितला, मंजूर" असं पानंच्या पानं सापडतं, मग लवकर सुनावणीचा लेखी अर्ज द्या आणि पोच घ्या. आधी मागणीच केली नाही तर "तिथं अर्ज केला होता का?" हा पहिला प्रश्न येतो आणि तिथंच गाडी अडते.

फीचं म्हणाल तर विधी सेवा कायदा १९८७ च्या कलम १२ मध्ये औद्योगिक कामगार वेगळा धरलाय, त्याला उत्पन्नाची अट नाही. हायकोर्टाची विधी सेवा उपसमिती नागपुरातच आहे, वकील तिथून मिळतो. बुटीबोरीच्या कारखान्यातून रिटायर झालेल्या माणसाला हे कोणी सांगतच नाही, युनियनवालेही नाही (त्यांना राग येवो बापा).

आणि तुम्ही जे लिहिलंच नाही तेच मला सगळ्यात महत्त्वाचं वाटतं. ग्रॅच्युइटीच्या १९७२ च्या कायद्याखालच्या प्रकरणांचं सांगतो, मालकाला अपील करायचं तर ग्रॅच्युइटीची रक्कम आधी जमा करावी लागते, नाहीतर अपील दाखलच होत नाही. म्हणजे पैसा तिथंच पडून आहे आणि माणूस घरी औषधाला उधारी करतोय! अशा वेळी निकालाची वाट बघत बसण्यापेक्षा जमा रक्कम हमीपत्रावर काढू द्या असा अर्ज करायचा, पूर्ण नाही तर काही भाग तरी मागायचा. अर्ज पडून राहिला तर रिटमध्ये तीही मागणी घाला, तारीख पे तारीखपेक्षा हे बरं. उशिराचं व्याजही सोडू नका, सरकारने ठरवलेला दर १० टक्के, सरळव्याज. पुष्कळ जण मूळ रकमेवरच समाधान मानतात.

पीएफच्या अपिलाचं मात्र वेगळं आहे, ते केंद्राच्या औद्योगिक न्यायाधिकरणाकडे जातं आणि तिथं बहुतेक मालकच अपीलकर्ता असतो, त्यात तुम्ही पक्षकार तरी आहात का ते आधी बघा.