आजव्याच्या दरवाज्यांबद्दल काकांना उत्तर

काका, रागावून का होईना, लेख शेवटपर्यंत वाचलात, आभार. तुमचं म्हणणं थोडक्यात असं: 2024 च्या ऑगस्टमधला वडोदऱ्याचा पूर शहराच्या वरच्या बाजूला असलेल्या आजवा तलावाच्या दरवाज्यांतून सोडलेल्या पाण्यानं आला हे शेंबड्या पोरालाही ठाऊक आहे, मग मी उगाच कोतरं (नदीकाठच्या घळी) आणि कांसांचं (पावसाचं पाणी नदीत नेणाऱ्या नाल्यांचं) दळण का दळतोय? शिवाय दांडिया बाजारात माडीवर कोरडं बसून, पुराचं पाणी शिरलेल्या अकोटा भागातल्यांना शिकवू नये.

माडीचं सोडा. आजव्यातून पाणी सोडलं हे मीही लिहिलंय. पण तो तलाव सयाजीरावांनी बांधला शहराला पाणी पाजायला, पूर अडवायला नव्हे. ऑगस्टअखेर तो भरलेला असावा असंच सगळ्यांना वाटतं. भरल्या तलावावर असा पाऊस कोसळला तर पाणी खाली विश्वामित्री नदीत येणारच. किती वाजता सोडलं, आधीच का नाही, लोकांना कधी कळवलं, हे जरूर विचारा. तिथे मी तुमच्याच बाजूचा. पण चौकशी तिथेच संपवलीत तर 2019 च्या पुराचं काय करायचं? 31 जुलैला खुद्द शहरावरच एका दिवसात 500 मिलिमीटरच्या आसपास पाऊस पडला होता.

विश्वामित्री पावागढाहून येते, शहरातून वाहते आणि पुढे ढाढर नदीला मिळते. मुलूख सपाट, उतार नावालाच. ढाढरही फुगलेली असली की आपलं पाणी पुढे सरकत नाही. 2024 ला शहरातल्या काळा घोडा पुलाजवळ नदीची पातळी 37 फुटांच्या घरात गेली, धोक्याची खूण 25 ची. पाऊस ओसरला तरी वस्त्यांतलं पाणी हलेना. पूर्वी असं पाणी कोतरांत पसरायचं. त्यातल्या कितीतरी कोतरांत आज डेब्रिजचा भराव आहे. (पुरात वस्त्यांत आलेल्या नदीतल्या मगरींचे व्हिडिओ मात्र प्रत्येकाच्या फोनमध्ये. कांसाच्या तोंडाचा फोटो मागा बरं कुणाकडे!)

अकोट्यातल्याच एका ओळखीच्या घरी तळमजल्याच्या भिंतीवर दोन रेघा आहेत. खालची काळपट, तेलकट, वरची मातकट. आधी मोरीतून घाण पाणी उलटं वर आलं, बाहेर चेंबरचं झाकण उचललं गेलं, आणि गढूळ नदी दारात आली ती नंतर. नदी चढली की कांसाचं तोंड दाबलं जातं, मग पाणी गटारातून घरात येतं. नुसत्या दरवाज्यांवर बोट ठेवलं तर ही खालची रेघ कुणी बघणारच नाही.

तुमच्या सोसायटीत पाणी आधी कुठून शिरलं, फाटकातून की मोरीतून? साधारण वेळ आठवत असेल तर तीही लिहा. आजव्याच्या वेळा मिळाल्या की शेजारी मांडून बघू.