‘स्टारगेट युनिव्हर्स’ला नावं ठेवणाऱ्यांसाठी

‘त्यांनी चांगल्या स्टारगेटची वाट लावली’ असं कुणी म्हणालं की आजही मला गप्प बसवत नाही.

मीही जुन्या स्टारगेटवरच, म्हणजे दुसऱ्या ग्रहांवर नेणाऱ्या गेटच्या त्या विज्ञानकथा टीव्ही मालिकांवरच वाढलो. ‘एसजी-वन’चे दहा सीझन, २१४ एपिसोड, मग ‘अटलांटिस’चे १००. गेटमधून जायचं, संकट निस्तरायचं, टीमच्या प्रमुखाने, ओनीलने, एखादा टोमणा हाणायचा आणि पाऊण तासात घरी परत. त्या मंडळींवर माझा अजून जीव आहे. त्यामुळे ऑक्टोबर २००९मध्ये ‘युनिव्हर्स’ ही पुढची मालिका सुरू झाली तेव्हा मीही बिचकलो होतो. हलता कॅमेरा, मिट्ट काळोख, एकमेकांवर भरवसा नसलेली माणसं आणि परतीचा रस्ताच बंद!

पण तो काळोख उसना आणलेला नव्हता. सुरुवातीच्या एपिसोडची नावंच बघा: ‘एअर’, ‘डार्कनेस’, ‘लाइट’, ‘वॉटर’. लाखो वर्षांपूर्वीचं खिळखिळं अंतराळजहाज, त्यात काही तयारी नसताना येऊन पडलेली माणसं, आणि आधी संपत येते ती हवा. जहाजाला जोडलेल्या छोट्या, फुटक्या शटलमधून ती गळतेय. दार आतूनच बंद होणार, म्हणजे बंद करणारा आतच मरणार. जखमी सिनेटर आर्मस्ट्राँग स्वतः आत जातो. बाहेर त्याची मुलगी क्लोई आक्रोश करते. त्या दारापाशी मी या मालिकेचा झालो.

पुढे ‘जस्टिस’मध्ये जहाजावरचा लष्करी प्रमुख कर्नल यंग बेशुद्ध शास्त्रज्ञ रशला ओसाड ग्रहावर टाकून येतो आणि परत येऊन तो मेला म्हणून सांगतो. जुन्या मालिकेत असलं वैर पुढच्या आठवड्यापर्यंत मिटलं असतं. इथे त्यातून थेट बंड होतं. रॉबर्ट कार्लाइलचा रश तर एकाच वेळी चीड आणतो आणि पटतोही.

चुका झाल्याच. संपर्काच्या त्या खास दगडांच्या मदतीने दुसऱ्याच्या शरीरात शिरून पृथ्वीवर जाणं मला कधीच पटलं नाही. घरची भांडणं सुरू झाली की जहाजावरचा ताण पार ढिला पडायचा. पहिला अर्धा सीझन रेंगाळलाही. पण दुसऱ्या सीझनमध्ये सगळे धागे जुळायला लागले होते. नेमका तोच शुक्रवारचा मंगळवारी हलवला, आणि डिसेंबर २०१०मध्ये मालिका बंद करत असल्याचं जाहीर केलं. चाळीस एपिसोड, बस्स.

शेवटच्या ‘गॉन्टलेट’ एपिसोडमध्ये सगळे पॉडमध्ये, म्हणजे दीर्घ झोपेच्या कप्प्यांत, तीन वर्षांसाठी झोपी जातात. एक पॉड नादुरुस्त निघतो, म्हणून एली एकटा जागा राहतो. गेममधलं कोडं सोडवलं म्हणून या सगळ्यात ओढला गेलेला पोरगा. दुरुस्तीला हातात जेमतेम दोन आठवडे. तो रिकाम्या जहाजातून फिरतो, मोठ्या खिडकीपाशी येतो, बाहेर बघतो आणि हसतो.