वेर्णा स्टेशनवर उतरल्यावर पुढे काय?

सकाळपासून डोकं तापलंय, म्हणून लिहायला बसले.

नेहमीसारखी पॅसेंजरने गोव्यातल्या वेर्ण्याला उतरले. पाऊस मी म्हणत होता. बाहेर एक विशी-बाविशीची मुलगी, रेनकोटच्या आत फाइल छातीशी धरून उभी. 'ताई, इस्टेटीत जायला बस कुठून मिळते?' पेडण्याहून आलेली, इथल्या औद्योगिक वसाहतीत, म्हणजे इस्टेटीत, नोकरीचा पहिला दिवस. बस नव्हती. एकच पायलट, म्हणजे मोटरसायकल टॅक्सीवाला, होता, तोही भाडं घेऊन निघून गेलेला. ती माझ्या तोंडाकडे बघत राहिली आणि माझ्या पोटात कालवलं.

कारण 2008 च्या जुलैमध्ये तिथेच मी उभी होते. करमळीला क्रॉसिंगसाठी गाडी थांबली ती थांबलीच. मग चपला हातात घेऊन, रस्त्यावरून वाहणाऱ्या लाल पाण्यातून मी चालत वर पठारावरच्या इस्टेटीत गेले. पस्तीस मिनिटं उशीर. पहिल्याच दिवशी हाफ डे! मार्कशीट प्लास्टिकच्या पिशवीत होती, तरी पाणी शिरलंच. शिक्क्याची निळी शाई कोपऱ्यात फुटली. ती मार्कशीट अजून कपाटात आहे, पापडासारखी वाकडी झालेली.

तेव्हा मडगावात स्कायबसचे खांब उभे होते, आठवतात ना? वर रूळ, खाली लोंबकळणारा डबा. 2004 मध्ये चाचणीच्या वेळी अपघात झाला, कोकण रेल्वेच्या एका कर्मचाऱ्याचा जीव गेला. खांब मात्र 2013 मध्ये पाडेपर्यंत तसेच होते. त्यानंतरही अधूनमधून कोणीतरी गोव्यासाठी मेट्रोची नाहीतर मोनोरेलची भाषा करतंच. अरे, रूळ आहेत की! 1998 पासून रोहा ते ठोकूर सलग कोकण रेल्वे धावतेय. पेडणे, थिवी, करमळी, वेर्णा, मडगाव, सगळं एका ओळीत. राज्यातली एवढी मोठी औद्योगिक वसाहत ज्या गावात, त्याच गावात स्टेशन. अजून काय हवं? हवी ती एक बस. गाडी आली की निघणारी, आणि गाडी लेट असेल तर थांबणारी. बस्स.

हो, मार्ग एकेरी आहे, लोकलसारख्या दर दहा मिनिटांनी गाड्या सोडता येणार नाहीत, मान्य. मोठ्या कंपन्यांच्या बसेस आहेत, तेही मान्य. पण त्यात कंत्राटी पोरांना कोण बसवतं? ती पोरं कर्ज काढून दुचाकी घेतात आणि भर पावसात हायवेवर ट्रकांच्या मधून जातात. घरी आई फोन हातात घेऊन बसलेली असते. जुवारी नदीवर नवा पूल झाला, चांगलंच झालं, मीच पोस्ट टाकली होती. पण पूल झाला म्हणून प्रत्येकाने गाडी घ्यायची का? पगार बारा-पंधरा हजार, त्यातला हप्ता किती, पेट्रोल किती, हे कोणी विचारतं का?

'गाडीला वेर्ण्याला कोण उतरतं?' असं परवा एकाने मला ऐकवलं. उतरून जायचं कुठे, बाबा? बस नाही म्हणून माणूस येत नाही आणि माणूस येत नाही म्हणून बस नाही. सोळा-सतरा वर्षं मी हेच ऐकतेय. खरंच राग येतो.

असो. आज मी तिला माझ्या छत्रीत घेतलं. एक रिक्षा अर्ध्या वाटेत मिळाली. फाइल तिने शेवटपर्यंत छातीपासून हलवली नाही. मी तिला मार्कशीटची गोष्ट सांगितली, तर तिने लगेच फाइल उघडून बघितली. कोरडी होती. इतकं बरं वाटलं मला!

संध्याकाळी परतीच्या गाडीला ती दिसली नाही. किती वाजता पोचली, कोण काय बोललं, काहीच कळलं नाही, आणि नंबर घ्यायचा मी विसरले. उद्या थिवीला चढले की सगळे डबे बघेन. भेटली तर दोघी मिळून रिक्षा करू.

इस्टेटीत कामाला असणाऱ्यांनो, तुम्ही स्टेशनवरून वर कसे जाता, खाली लिहा.