सिरियलीत गेला म्हणून नाकं मुरडणाऱ्यांसाठी, जेम्स अर्ल जोन्स

आमच्या इथल्या, म्हणजे अमेरिकेतल्या, मराठी ग्रुपवर परत तोच वाद. एक चांगला नाटकवाला नट डेली सोपमध्ये गेला, नाटकाचे प्रयोग थांबले, आणि लागले सगळे बोलायला की पैसा दिसला की रंगभूमी विसरतात, आधीची पिढी कशी निष्ठावान होती वगैरे. त्यात एकाने ब्रॉडवेचं, म्हणजे न्यूयॉर्कच्या मोठ्या व्यावसायिक रंगभूमीचं, उदाहरण टाकलं, जेम्स अर्ल जोन्स बघा म्हणे, एवढा मोठा स्टार पण स्टेज सोडलं नाही. आता हा माणूस माझा भयंकर लाडका, त्यामुळे गप्प बसवेना.

ज्यांना नाव लक्षात येत नसेल त्यांच्यासाठी, स्टार वॉर्समधल्या डार्थ वेडरचा आवाज आणि लायन किंगमधल्या मुफासाचा आवाज, तो हा. जन्म 1931, मिसिसिपीत. बाप जन्माच्या सुमारासच घर सोडून गेलेला, आजीआजोबांनी मिशिगनमधल्या शेतावर वाढवला, आणि हे पोरगं इतकं तोतरं की जवळजवळ आठ वर्षं शाळेत तोंडच उघडायचं नाही. हायस्कूलमध्ये क्राउच नावाच्या मास्तरांना कळलं की हा कविता करतो. त्याने ग्रेपफ्रूटवर कविता लिहिलेली (हो, फळावर!), मास्तर म्हणाले ही एवढी चांगली आहे की तूच लिहिलीस यावर विश्वास बसत नाही, वर्गापुढे पाठ म्हणून दाखव. आणि त्याने न अडखळता म्हटली. तोतरेपणा पुढे गेला का, तर नाही, जन्मभर होताच, फक्त लिहिलेले शब्द म्हणताना तो अडायचा नाही.

पुढे मिशिगन विद्यापीठात डॉक्टर व्हायला गेला आणि नाटकात शिरला. (आपले डॉ. लागू आठवले ना? ते तर पूर्ण डॉक्टर होऊन आफ्रिकेत प्रॅक्टिस करून 1969 मध्ये पूर्णवेळ नाटकात आले.) मग सैन्य, मग गावाजवळच्या मॅनिस्टीच्या थिएटरात सुतारकाम, मग न्यूयॉर्क. तिथे फरशा पुसायची कामं केली. 1958 मध्ये ब्रॉडवेच्या कॉर्ट थिएटरात रूझवेल्टवरच्या नाटकात नोकराचा छोटासा रोल. मोठं नाव झालं ते दहा वर्षांनी, काळ्या बॉक्सरच्या रोलने, तेही नाटक आधी वॉशिंग्टनच्या अरीना स्टेजवर उभं राहिलं आणि मग ब्रॉडवेवर आलं. 1969 चा टोनी, म्हणजे ब्रॉडवेचा सगळ्यात मोठा पुरस्कार, मिळाला. दुसरा 1987 मध्ये, ‘फेन्सेस’मधल्या कचरा उचलणाऱ्या बापासाठी.

आता निष्ठेबद्दल. डार्थ वेडरसाठी या माणसाने काही तासांच्या डबिंगचे सात हजार डॉलर घेतले आणि वर सांगितलं की पडद्यावर माझं नाव नको. फोन कंपनीच्या जाहिराती केल्या, सीएनएनला आवाज दिला, टीव्ही केला, काही सिनेमे तर असे की त्याच्याच चाहत्यांना आठवणार नाहीत. कोणी त्याला रंगभूमीद्रोही म्हटलं नाही. आणि खरं तर लागूंनीही हिंदीत ढीगभर सिनेमे केलेच की, तेव्हा कुणाचं काही अडलं नाही.

तो परत परत स्टेजवर यायचा कारण त्याला आवडायचं हे आहेच, पण नुसत्या आवडीवर घर चालत नाही हो. ब्रॉडवेवर एकच थिएटर, सेट तिथेच उभा, आठवड्याला आठ प्रयोग, बहुधा सोमवारी सुट्टी, रात्री माणूस आपल्या घरी झोपतो. नटांची युनियन 1913 पासूनची, ठरलेला किमान पगार आठवड्याला दोन हजार डॉलरच्या वर, पुरेसे आठवडे भरले की आरोग्य विमा, पेन्शन. आपल्याकडे नटाला मिळते नाईट, म्हणजे प्रयोग झाला तर पैसे. शनिवारी दादर, रविवारी पुणे, मधल्या वारी कुठे तारीख मिळाली तर नाशिक, सेट टेम्पोत, नट बसमध्ये, आणि सिरियलवाले बारा-तेरा तास शूट करून तारीख सोडत नाहीत ते वेगळंच. अशात घराचा हप्ता भरणाऱ्याने काय निवडावं?

म्हणजे इथे अमेरिकेत सगळं छान असं अजिबात नाही. इथलेही बहुतेक नट बेकारच असतात आणि हॉटेलात वेटरगिरी करतात. तिकिटं तर विचारू नका. 2015 मध्ये मी त्याचं ‘जिन गेम’ बघितलं ते टाइम्स स्क्वेअरच्या अर्ध्या किमतीच्या खिडकीवर रांग लावून, तरी खिसा रिकामा. वृद्धाश्रमातले दोघं पत्ते खेळतात एवढंच नाटक, तो 84 वर्षांचा, समोर सिसिली टायसन नव्वदीची. तो दर डाव हरतो आणि चिडत जातो. पत्ते वाटताना मोठ्याने मोजायचा, आणि प्रत्येक डावाला त्या मोजण्यात थोडा जास्त राग. नुसत्या आकड्यांवर थिएटर आधी हसत होतं, नंतर हसेना. पण हे बघायला शेजारी कोण, तर टुरिस्ट आणि पैसेवाले म्हातारे. पुण्यात बँकेतला क्लार्क बायकोमुलांना घेऊन रविवारी नाटकाला जातो तसं इथे होत नाही. ते आपल्याकडे आहे, आणि ते नटांच्या कमी नाईटवर उभं आहे हेही खरं.

2022 मध्ये कॉर्ट थिएटर नूतनीकरण करून त्याचं नाव दिलं, जिथे नोकराचा रोल केला तेच. इमारत 1912 ची. कोल्हापूरचं केशवराव भोसले नाट्यगृह जवळपास तेवढंच जुनं, शाहू महाराजांनी बांधलेलं, ते 2024 च्या ऑगस्टमध्ये जळालं. जोन्स महिन्याभराने गेला.

आणि आपण इथले लोक! महाराष्ट्रातून नाटक दौऱ्यावर येतं, नट कोणाच्या तरी बेसमेंटमध्ये झोपतात, सकाळी उठून शाळेच्या ऑडिटोरियममध्ये स्वतः सेट लावतात, आणि आमच्यातले लोक इथल्या महाराष्ट्र मंडळाला फोन करून विचारतात की चाळीस डॉलरच्या तिकिटात जेवण आहे का. तेच लोक ग्रुपवर निष्ठेवर बोलत होते. मी तिथे एवढंच लिहिलं, पुढचं नाटक येईल तेव्हा तिकीट साठ डॉलर करू, जेवण घरी करून या आणि वरचे वीस थेट नटांना देऊ. चार अंगठे आले, बाकी शांतता.