बळी तो कान पिळी म्हणलं की विषय संपतो का?

दिग्याचं एक ठरलेलं आहे. जगात कुठंही काही होऊदे, युक्रेन असो, गाझा असो, तैवान असो, तो चहाचा ग्लास खाली ठेवणार आणि म्हणणार, "बळी तो कान पिळी, भावा. इषय संपला." परवा रंकाळ्यावर पण तेच झालं, युनो नक्की कुणाच्या कामाची यावर बोलणं चाललेलं आणि ह्यानं दोन मिनिटांत शटर खाली ओढलं. फरक एवढाच की ह्यावेळी मंदार त्याच्या बाजूनं उतरला. मंदारनं यूपीएससीचे अटेम्प्ट दिलेत, पॉलिटिकल सायन्स ऑप्शनल घेऊन, त्यामुळं त्याच्याकडं प्रत्येक गोष्टीला एक थिअरी आणि एक इंग्रजी नाव तयार असतं.

मंदार म्हणाला, दिग्या बोलतोय त्यालाच रिअलिझम म्हणतात आणि ते काय आजचं नाही, अडीच हजार वर्षांपूर्वी थ्युसिडिडीस नावाच्या ग्रीक इतिहासकारानं लिहून ठेवलंय. इ.स.पू. ४१६, अथेन्स आणि स्पार्टाचं युद्ध चालू आहे, मेलोस नावाचं एक छोटं बेट कुणाच्याच बाजूला नाही. अथेन्सचं आरमार येतं आणि सांगतं, शरण या, खंडणी द्या, नायतर संपवतो. मेलोसवाले म्हणतात आम्ही तुमचं काय बिघडवलंय, न्याय आमच्या बाजूला आहे, देव आमच्या बाजूला आहेत, आणि स्पार्टा आमचं रक्ताचं नातं, ते येतीलच मदतीला. त्यावर अथेन्सवाले सांगतात की न्यायाची भाषा बरोबरीच्या लोकांत चालते, बाकी बलवानाला जमेल ते तो करतो आणि दुबळ्याला सोसावं लागतं ते तो सोसतो.

"मग? स्पार्टा आलं का?" दिग्या.

"नाही आलं. वेढा पडला, शेवटी बेट पडलं, सापडलेले सगळे पुरुष मारले, बायका-पोरं गुलाम म्हणून विकली."

"बघा! हेच सांगालोय मी मगापासनं!" दिग्यानं सगळ्यांकडं असं बघितलं की जणू अथेन्सचं आरमार त्याच्याच शिरोलीच्या फौंड्रीतनं गेलं होतं.

आता मला अथेन्सच्या ह्या बलवान-दुबळ्याच्या वाक्याचा मनापासून राग आहे. वाक्य खोटं आहे म्हणून नाही, तर ते अर्ध्यातच तोडून वापरतात म्हणून. आयआरच्या, म्हणजे आंतरराष्ट्रीय संबंधांच्या, प्रत्येक नोट्समध्ये पहिल्या पानावर मेलोस असतं आणि ते अथेन्सच्या दूतांचं बोलणं थ्युसिडिडीसचंच मत असल्यासारखं छापतात. पण तो काय दरबारी भाट नव्हता, स्वतः अथेन्सचा सेनापती होता, अँफिपोलिस शहर वाचवता आलं नाही म्हणून गावानं वीस वर्षं हद्दपार केलेला माणूस. आणि त्यानं मेलोस संपवून लगेच काय लिहिलंय तर सिसिलीची मोहीम. पुढच्याच वर्षी, ४१५ मध्ये, तेच अथेन्स तीच मस्ती घेऊन सिसिलीवर गेलं, ४१३ मध्ये सगळं आरमार आणि फौज तिथंच गाडली गेली, हजारो कैदी सिराक्यूजच्या दगडाच्या खाणीत सडले. जे लोक मेलोसला सांगत होते की आशा लई महाग पडती, तेच आशेवर सिसिलीला गेले.

सरांनी (आमच्या शाळेचे इतिहासाचे, रिटायर झाल्यापासून रोज कट्ट्यावर) त्याच्या पुढचं सांगितलं, जे मंदारला पण माहीत नव्हतं. ४०५ मध्ये अथेन्सचं उरलंसुरलं आरमार बुडाल्याची बातमी गावात आली त्या रात्रीबद्दल झेनोफोन ह्या दुसऱ्या ग्रीक इतिहासकारानं लिहिलंय की कुणी झोपलं नाही, कारण सगळ्यांना वाटत होतं की आपण मेलोसच्या लोकांचं जे केलं तेच आता आपलं होणार. बेटाचं नाव घेऊन लिहिलंय. कॉरिंथ आणि थीब्जवाले म्हणतच होते की अथेन्स नकाशावरनं पुसून टाका. स्पार्टानं पुसलं नाही. आणि स्पार्टाचा सेनापती लायसँडरनं मेलोसचे जे काय लोक उरले होते ते शोधून परत बेटावर नेऊन बसवले.

"किती वर्षांनी?" दिग्या.

"दहा-अकरा."

"मग काय उपयोग सर? मेलेले परत आले का?"

ह्याला उत्तर नाही, आणि दिग्याची हीच गोष्ट मला आवडते, तो पुस्तकाला दबत नाही.

मग मी माझं घोडं दामटलं. म्हणलं दिग्या, तू स्वतःला रिअलिस्ट समजतोस ना, मग खरे रिअलिस्ट काय करत होते ते बघ. मॉर्गेंथाऊ, ज्याला सगळे ह्या पंथाचा आजोबा मानतात, नाझींपासून पळून अमेरिकेत आलेला जर्मन ज्यू, तो व्हिएतनाम युद्धाच्या विरोधात इतका बोलला की १९६५ मध्ये त्याला पेंटॅगॉनच्या सल्लागार पदावरनं काढला. सप्टेंबर २००२ मध्ये न्यूयॉर्क टाइम्समध्ये एक जाहिरात आली, इराकवर युद्ध अमेरिकेच्या हिताचं नाही म्हणून, खाली ३३ प्राध्यापकांच्या सह्या, त्यात वॉल्ट्झ, मिअरशायमर, वॉल्ट, म्हणजे रिअलिझमची फर्स्ट इलेव्हनच. कान पिळायला सगळ्यात जास्त उत्साही होते ते दुसरेच, लोकशाही पेरायला निघालेले. रिअलिस्ट माणूस ताकदीचा हिशोब ठेवतो तो मुळात पुरते का बघायला, मिरवायला नाही.

"जाहिरात दिल्यावर युद्ध थांबलं?"

"नाही."

"मग बळी तो कान पिळी."

सगळे हसले, मी पण.

सायली पुण्याहून आली होती वीकेंडला, ती इतका वेळ गप होती. म्हणाली, "मी सांगतो काय ते" (आयटीत इतकी वर्षं काढून पण ती मी सांगतोच म्हणते, कोल्हापूरची आहे). "ताकद ताकद काय करता, कुणाची ताकद ते बघणार का नाही? ब्रिटनकडं पाचशे अणुबाँब असले तरी अमेरिकेला झोप लागते आणि उत्तर कोरियाकडं पाच असले तर लागत नाही. हे वेंट नावाच्या माणसानं लिहिलंय. फ्रान्सचे बाँब पाकिस्तानपेक्षा जास्त आहेत, आपण कधी फ्रान्सला घाबरलोय का?" हे कन्स्ट्रक्टिव्हिझम, म्हणजे देश एकमेकांना काय समजतात त्यावर सगळं ठरतं. मला हे पटतं, पण त्याची एक अडचण आहे की मित्राचा शत्रू कधी होणार हे तो आधी सांगत नाही, झाल्यावर मात्र फार सुंदर समजावतो.

दिग्यानं मग मिअरशायमरचा व्हिडिओ काढला, युक्रेनला नाटोचं गाजर दाखवलं म्हणून रशिया भडकला, तो. आणि खरंय की त्या माणसानं १९९३ मध्येच लिहिलं होतं की युक्रेननं अणुबाँब देऊ नयेत, १९९४ मध्ये बुडापेस्टला कागदावर हमी घेऊन त्यांनी ते सोडून दिले, पुढं काय झालं सगळ्यांना माहीत आहे. पण मंदारनं इथं पलटी मारली, म्हणाला नाटो दाराशी आली की रशिया घुसतो असं असेल तर फिनलंड २०२३ मध्ये नाटोत गेला, तेराशे किलोमीटरची सीमा आहे रशियाला लागून, तिथं का नाही घुसला? म्हणजे युक्रेन आपलंच आहे असं जे पुतिनच्या डोक्यात आहे ते नुसतं रणगाडे मोजून कळणार नाही. सायलीनं लगेच टाळी घेतली.

सर म्हणाले, तुम्ही सगळे ग्रीस-अमेरिका करताय, कौटिल्य कुठं गेला? मंदार म्हणाला, आहे की सर, शेवटच्या पानावर, भारतीय मॅकियावेली म्हणून. सर भडकले. मॅकियावेली पंधराव्या-सोळाव्या शतकातला, मग कोण कुणाचा भारतीय? आणि शेजारी तो शत्रू, त्याच्या पलीकडचा मित्र, एवढंच मंडल सगळ्यांना पाठ असतं. पण तोच कौटिल्य सांगतो की संधी (तह) आणि विग्रह (युद्ध) दोन्हीत सारखाच फायदा दिसत असेल तर संधी कर, कारण विग्रहात क्षय, व्यय, प्रवास आणि प्रत्यवाय आहेत. माणसं जातात, पैसा जातो, लांब जावं लागतं, वर अडचणी. कान पिळायच्या आधी खर्चाचा अंदाज काढ म्हणतोय तो. दुबळ्या राजासाठी पण त्यानं वाट दिलीय, संश्रय, बलवानाचा आसरा घे.

"आणि आपल्याकडं," सर थांबायला तयार नव्हते, "रामचंद्रपंत अमात्यांनी आज्ञापत्रात काय लिहिलंय? इंग्रज, फिरंगी (पोर्तुगीज), वलंदेज (डच) हे टोपीकर बाकीच्या व्यापाऱ्यांसारखे नाहीत, ह्यांच्या मागं त्यांचे राजे आहेत. वखारीला समुद्रकाठी जागा देऊ नका. १७१५-१६ च्या सुमाराला! प्लासीच्या चाळीस वर्षं आधी. अमात्यांचं बावडा इथनं किती लांब आहे?"

मला वाटलं आता दिग्या गप बसतोय. बसला नाही. म्हणाला, "आणि सर, मालवण कुणाकडं गेलं?"

१८१२ च्या तहात कोल्हापूरनं मालवण इंग्रजांना दिलं. बदल्यात संरक्षणाची हमी मिळाली, आणि पुढं कुणाशी भांडण झालं तर निवाडा इंग्रज करणार हे कबूल केलं. सहा वर्षांनी पेशवे लढले आणि पेशवाई गेली. कोल्हापूर संस्थान १९४९ पर्यंत राहिलं.

"म्हणजे मेलोसनं जे केलं नाही ते आपण केलं," दिग्या म्हणाला. "अथेन्सचं ऐकलं. म्हणून राहिलो."

ह्यावर कट्ट्यावर जो गोंधळ झाला तो काय विचारू नका. मंदार म्हणाला हे संश्रय आहे, शरणागती नाही. सायली म्हणाली फरक सांग. सर म्हणाले राहिलो म्हणजे काय राहिलो, परराष्ट्र धोरण आपलं नाही, इंग्रजांचा रेसिडेंट दारात बसलेला, त्याला राज्य म्हणायचं का. तर दिग्या उसळला, "राज्य नव्हतं तर शाहू महाराजांनी १९०२ ला नोकरीतल्या निम्म्या जागा मागासांना कशा दिल्या? राधानगरीचं धरण कुणाच्या जोरावर बांधायला घेतलं? पुण्यात तवा इंग्रजांचा कलेक्टर होता सर!"

सर बराच वेळ काही बोलले नाहीत, मग म्हणाले, ते महाराज होते म्हणून झालं, तहामुळं नाही. दिग्या म्हणाला, तह नसता तर गादीच नसती. मंदार वहीत काहीतरी लिहायला लागला, बहुतेक पुढच्या अटेम्प्टसाठी, आणि चहावाला मामा आला की पाच चहा झालेत, कोण देणार. दिग्यानं सरांकडं बोट केलं.